रमविना पिना कोलाडा
(आणि गोठणबिंदूचा थोडा हिशोब)

‘कॉकटेल’ हा शब्द कॉलेजच्या अंकात दिसला की रेक्टरसर आधी लेखकाचा रूम नंबर शोधतील. म्हणून सुरुवातीलाच जाहीर करतो, की या लेखातल्या पदार्थात दारूचा एक थेंबही नाही. पण ती नाही म्हणूनच हा लेख लिहावा लागतोय! कारण कॉकटेलमधून दारू काढून टाकली आणि उरलेलं फ्रीझरमध्ये ठेवलं, की तयार होतो तो अननसाचा दगड. चमचा वाकतो, पण पदार्थ हलत नाही. असं का होतं आणि त्यावर उपाय काय, हे बारावीच्या केमिस्ट्रीत आपण सगळ्यांनी पाठ केलेलं आहे. फक्त ते खाता येतं, हे कोणी सांगितलं नव्हतं.

तर मित्रमैत्रिणींनो, पदार्थाचं नाव पिना कोलाडा सॉर्बे.

आधी नावाची ओळख

सॉर्बे म्हणजे दूध न घालता, फळांचा रस आणि साखर गोठवून केलेलं आईस्क्रीम. नाव फ्रेंच वाटतं, पण मूळ आपल्या ओळखीचं आहे. तुर्की ‘शेर्बेत’चं इटालियनमध्ये ‘सॉर्बेत्तो’ झालं, तेच पुढे फ्रेंचमध्ये ‘सॉर्बे’. आपलं ‘सरबत’ याच घराण्यातलं. म्हणजे सॉर्बे हा गोठलेल्या सरबताचाच चुलतभाऊ.

पिना कोलाडा हे कॅरिबियन समुद्रातल्या पोर्तो रिको बेटावरचं पेय. अननसाचा रस, नारळाची साय आणि रम. स्पॅनिशमध्ये ‘पीन्या’ म्हणजे अननस आणि ‘कोलादा’ म्हणजे गाळलेला. हे पेय पहिल्यांदा कोणी केलं यावर तिथे आपल्याकडच्या मिसळीसारखा वाद आहे. सान हुआनमधलं कारिबे हिल्टन हॉटेल म्हणतं, आमच्या रामोन मारेरो यांनी १९५४ मध्ये केलं. बाराचिना नावाचं रेस्टॉरंट म्हणतं, आमच्याकडे १९६३ मध्ये झालं. १९७८ मध्ये पोर्तो रिकोने त्याला आपलं अधिकृत पेय म्हणून जाहीर केलं. त्यात लागणारी गोड नारळ-साय डब्यात मिळू लागली ती रामोन लोपेझ इरिझारी यांच्यामुळे, आणि हे गृहस्थ होते तिथल्या विद्यापीठातले शेतीचे प्राध्यापक! स्टाफरूममधल्या मंडळींनी नोंद घ्यावी.

अननस आपल्याकडे आला तो पोर्तुगीजांबरोबर, सोळाव्या शतकात. ‘अननस’ हे नावही त्यांच्याकडूनच. नारळ तर कोकणात घरचाच. म्हणजे या पेयातल्या तीनपैकी दोन गोष्टी आपल्या दारात आहेत. प्रश्न उरतो तिसरीचा.

रम तिथे काय करत असते?

मी केमिकलचा विद्यार्थी, त्यामुळे एखादा घटक काढायचा म्हटलं की आधी विचारावं लागतं, हा प्रक्रियेत करत काय होता? सॉर्बेमध्ये रम तीन कामं करते.

१) वास आणि चव देते
२) घशाशी किंचित जळजळ देते
३) सॉर्बे मऊ ठेवते

पहिली दोन कामं सगळ्यांना माहीत असतात. फसवणूक होते ती तिसऱ्यात. पाण्यात काहीही विरघळवलं की त्याचा गोठणबिंदू खाली जातो. किती खाली, हे विरघळलेल्या कणांच्या संख्येवर ठरतं, ते कण कशाचे आहेत यावर नाही. (कोलिगेटिव्ह प्रॉपर्टीज! व्हायवाला हमखास विचारतात.) म्हणजे रेणू जितका हलका, तितके एका ग्रॅममध्ये कण जास्त आणि परिणामही जास्त. साखरेच्या १ ग्रॅमचा परिणाम १ धरला, तर बाकीच्यांचा असा येतो:

साखर (रेणुभार ३४२) : १
ग्लुकोज (१८०) : १.९
अल्कोहोल (४६) : ७.४
मीठ (५८.५, पण विरघळल्यावर दोन आयन) : ११.७

हे आदर्श द्रावणाचं गणित आहे, प्रत्यक्षात आकडे थोडे हलतात. पण स्वयंपाकघरात एवढी अचूकता भरपूर झाली.

आता हिशोब करू. एक किलो सॉर्बेत साधारण ३० मिली रम घालतात असं धरा. आपल्याकडच्या रममध्ये ४२.८ टक्के अल्कोहोल असतं. म्हणजे सुमारे १३ मिली, वजनाने १० ग्रॅम. त्याला ७.४ ने गुणा. उत्तर येतं ७४ ते ७५. याचा अर्थ ते दोन-तीन चमचे रम काढले की गोठण्याच्या दृष्टीने आपण जवळजवळ ७५ ग्रॅम साखर काढल्यासारखं होतं. मग दगड होणार नाही तर काय!

बरं, तेवढी साखर वाढवली तर? मऊ होईल, पण इतकं गोड की बासुंदी बरी. मीठ सगळ्यात जोरदार, पण ते कोणी खाणार नाही. मधला मार्ग ग्लुकोजचा. ४० ग्रॅम गुणिले १.९ म्हणजे ७६. रमचं काम पुरं झालं! आणि ग्लुकोज साखरेपेक्षा कमी गोड असल्यामुळे गोडी वाढते ती साधारण २८ ते ३० ग्रॅम साखरेएवढीच. तेवढी लिंबू सांभाळून घेतं.

सुट्टीत घरी मी याच मिश्रणाचे दोन डबे लावले होते. एकात ग्लुकोज, एकात नाही, बाकी सगळं सारखं. दुसऱ्या दिवशी ग्लुकोजच्या डब्यात चमचा सहज गेला. दुसरा डबा आईने सुरीने खरवडला आणि म्हणाली, “याचा गोळाच करून विक.”

राहिली पहिली दोन कामं. रम होते उसापासून, बहुतेक वेळा मळीपासून. मग उसाचाच वास हवा तर आपल्याकडे गूळ आहे की! थोडा गडद गूळ आणि चिमूटभर जायफळ. जळजळीसाठी आल्याचा रस. चव हुबेहूब रमची येते असा माझा दावा नाही, पण अननस-नारळाला जो खमंग आधार लागतो तो मिळतो.

साहित्य (साधारण १ किलो, १५-१६ जणांना)

पिकलेल्या अननसाचा गर – ६०० ग्रॅम
नारळाचं पहिलं दाट दूध – २०० ग्रॅम
साखर – १२० ग्रॅम
गडद गूळ, चिरून – ३० ग्रॅम
ग्लुकोज पावडर – ४० ग्रॅम (औषधाच्या दुकानात मिळते ती साधी, ऑरेंज फ्लेवरची नको)
लिंबाचा रस – ३० ग्रॅम
आल्याचा रस – १ छोटा चमचा
मीठ, जायफळ – चिमूट चिमूट

वाटी-चमच्याने मोजू नका, वजन करा. फळातली साखर धरून या मिश्रणात एकूण साखर साधारण २७ टक्के होते. सॉर्बेला २५ ते ३० टक्के चालते. २० वर आलात तर खडा, ३५ वर गेलात तर पातळ चिखल.

कृती

१) अननसाचा गर मिक्सरमधून बारीक करून गाळून घ्या. दोऱ्या राहता कामा नयेत. (नावातच ‘गाळलेला’ आहे.) ६०० ग्रॅम मोजायचा तो गाळल्यानंतरचा.

२) त्यातला २०० ग्रॅम गर, साखर, गूळ आणि ग्लुकोज मंद आचेवर ठेवा. सगळं विरघळलं की उतरवा. वेगळं पाणी अजिबात घालायचं नाही. पाणी म्हणजेच बर्फ.

३) पूर्ण गार झाल्यावर उरलेला कच्चा गर, लिंबू, आलं, मीठ, जायफळ घाला. फ्रिजमध्ये तासभर थंड करा.

४) नारळाचं दूध गोठवायला घेण्याच्या अगदी आधी मिसळा आणि लगेच गोठवा. कच्च्या अननसात ब्रोमेलेन नावाचं एन्झाइम असतं, ते प्रथिनं तोडतं. गाईम्हशीचं दूध किंवा साय घालून ठेवली तर याच कारणाने ते कडू होतं.

गोठवायचं कसं?

मिश्रण साधारण उणे अडीच ते तीन अंशांवर गोठू लागतं. आधी गोठतं ते निव्वळ पाणी. त्यामुळे उरलेला पाक दाट होत जातो आणि त्याचा गोठणबिंदू आणखी खाली सरकतो. म्हणून चांगला सॉर्बे फ्रीझरमध्येही पूर्ण गोठत नाही. बर्फाच्या बारीक कणांमध्ये पाक शिल्लक असतो, तोच मऊपणा. आपलं काम एवढंच, की कण बारीक ठेवायचे. त्यासाठी लवकर गोठवा आणि सतत हलवा.

घरी फ्रीझर असेल तर पसरट डब्यात ओता आणि दर पाऊण तासाने काट्याने खरवडा, चार वेळा. किंवा बर्फाच्या ट्रेमध्ये गोठवा आणि वड्या थोड्या थोड्या मिक्सरमधून फिरवा. मिक्सर सलग चालवू नका, गरम होतो.

हॉस्टेलवर फ्रीझर नसतो, पण उन्हाळ्यातलं पॉट आईस्क्रीम आपण सगळ्यांनी खाल्लंय. तोच मार्ग. एक बादली, घट्ट झाकणाचा उभा स्टीलचा डबा, ४ किलो फोडलेला बर्फ आणि सव्वा ते दीड किलो खडे मीठ. तीन भाग बर्फाला एक भाग मीठ, असे थर द्या. डबा मध्ये ठेवून अर्धा-अर्धा फेरा फिरवत राहा. दर पाच मिनिटांनी झाकण पुसून उघडा आणि कडेला जमलेलं खरवडून आत ढकला. अर्ध्या-पाऊण तासात मिश्रण घट्ट होतं. मग झाकण लावून तसंच मुरू द्या.

मीठ स्वतः थंड नसतं बरं का! बर्फावरच्या पाण्याच्या थरात ते विरघळतं, गोठणबिंदू खाली जातो आणि बर्फाला वितळावंच लागतं. वितळायला दर ग्रॅमला ३३४ ज्यूल उष्णता लागते, ती तो आपल्या डब्यातून खेचतो. मिठाच्या पाण्याची खालची मर्यादा उणे २१ अंश. बादलीत तेवढं मिळत नाही, उणे दहा झालं तरी काम होतं. हिशोबाने या एक किलोला पाऊण किलो बर्फ पुरायला हवा. उरलेला सव्वातीन किलो बादली, हवा आणि आपण मध्येमध्ये उघडून बघतो त्यात जातो. कार्यक्षमता २० टक्क्यांच्या आत, थर्मलच्या सरांनी माफ करावं.

दोन इशारे. लादीचा बर्फ पिण्याच्या पाण्याचा असेलच असं नाही, त्यामुळे तो डब्यात जाता कामा नये. आणि त्या खाऱ्या पाण्यात उघडा हात घालू नका, कातडीला इजा होते.

हे कोणासाठी?

“थोडी रम घातली तर काय बिघडतं, गोठवल्यावर उडून जाते,” असं सांगणारा एकजण प्रत्येक विंगमध्ये असतो. हे साफ खोटं आहे. थंडीत अल्कोहोल उडत नाही, घातलेलं जवळजवळ सगळं तिथेच राहतं. आपल्यातले काहीजण धर्माने घेत नाहीत, काहींची औषधं चालू असतात, काहींच्या घरी दारूने काय केलंय ते त्यांनाच ठाऊक. शिवाय महाराष्ट्रात रमसारख्या दारूसाठी वयाची अट २५ वर्षांची आहे. आपल्यातल्या बहुतेकांचा तिथपर्यंत पोचायला अजून वेळ आहे. गॅदरिंगच्या स्टॉलवर न सांगता असं काही वाढणं हा विनोद होत नाही.

हा सॉर्बे मात्र सगळ्यांना चालतो. दूध नाही, अंडं नाही, दारू नाही. फक्त मधुमेह असलेल्यांना आधी सांगा. ६० ग्रॅमच्या एका वाटीत सुमारे १६ ग्रॅम साखर जाते, म्हणजे तीन चमच्यांहून जास्त, आणि त्यात ग्लुकोजही आहे. स्टॉल लावलात तर डब्यावर काय काय घातलंय ते मोठ्या अक्षरात लिहा.

अननस नसेल तर याच पद्धतीने कलिंगड-पुदिना करता येईल. पण कलिंगडात साखर कमी असते आणि नारळही नाही, तेव्हा वजनं नव्याने मांडावी लागतील. ते गणित तुम्ही करा. आणि जमलं तर एक वाटी रूमवर पाठवा. रूम नंबर रेक्टरसरांकडे आहेच!