जंतनाशक औषधाचा विवेक

राष्ट्रीय जंतनाशक दिनी शाळा व अंगणवाड्यांतून अल्बेंडाझोलची गोळी दिली जाते. २०१५ पासूनचा हा उपक्रम १ ते १९ वर्षे वयोगटासाठी आहे. दोन वर्षांखालील बालकास अर्धी, त्यापुढे ४०० मिलिग्रॅमची पूर्ण गोळी द्यावयाची असते.

तथापि एकच गोळी सर्व जंतांवर सारखी लागू पडत नाही. गोल जंत एका मात्रेने बहुधा जातात. चाबूककृमी चिवट ठरतो. रात्री गुदद्वाराशी खाज आणणारे सुतासारखे पांढरे जंत वसतिगृहात झपाट्याने पसरतात. तेव्हा एका खोलीतील सर्वांना एकाच वेळी औषध द्यावे व दोन आठवड्यांनी ते पुन्हा द्यावे. पट्टकृमीसाठी प्राझिक्वांटेलसारखे निराळे औषध लागते. फिट येणाऱ्यांनी व गर्भवतींनी मात्र डॉक्टरांच्या सल्ल्याविना जंतनाशक घेऊ नये.

औषधाने पोटातील जंत मरतात, मातीतील अंडी तशीच राहतात. बुलढाण्याच्या शेतशिवारात अनवाणी वावरणाऱ्या मुलाच्या तळव्यातून अंकुशकृमी पुन्हा शिरू शकतो. म्हणून पायांत चप्पल, कापलेली नखे, शौचालयाचा वापर आणि साबणाने धुतलेले हात हवेतच. तथागतांनी आजारी भिक्खूला स्वतः स्नान घातल्याची कथा विनयपिटकात आहे. स्वच्छता आणि शुश्रूषा हे धम्माचरणच होय.