घरची भट्टी – लेखांक सातवा : दादरचं बिस्किट आणि पंख्याची आच

ओट्यावर मावणारा छोटा कन्व्हेक्शन ओव्हन आता तालुक्याच्या गावीही मिळतो, आणि तो घरात आला की पहिला प्रयोग बहुधा बिस्किटांचाच होतो. मैद्याची बिस्किटं बरी जमतात. मग कुणाला तरी घरच्या दादर ज्वारीची आठवण होते आणि तेच प्रमाण, तीच वेळ, तेच तापमान ठेवून ज्वारीच्या पिठाचा घाणा लावला जातो. कडा करपतात, मध्ये कच्चट राहतं, ताटलीत काढताना भुगा होतो. निकाल लगेच लागतो : ज्वारी भाकरीला ठीक, बिस्किटाला मैदाच हवा. हा निकाल चुकीचा आहे, असं मला ठामपणे वाटतं. ज्वारीचं पीठ बिस्किटासाठी मैद्यापेक्षा सोयीचं आहे. फसते ती आच, आणि थोडं फसतं ते पाणी.

आधी पीठ पाहू. गव्हाच्या पिठात पाणी घालून मळलं की ग्लुटेनची चिवट जाळी तयार होते. पाव फुगतो, पोळी लाटता येते, ते या जाळीमुळे. बिस्किटाला मात्र ती नकोच असते. खुसखुशीतपणा म्हणजे दाताखाली सहज तुटणं, आणि चिवट जाळी सहज तुटत नाही. म्हणून तर मैद्याच्या शंकरपाळ्यांत तुपाचं कडकडीत मोहन घालतात आणि नानकटाईचं पीठ मळत बसत नाहीत, नुसतं गोळा करतात. हा सगळा खटाटोप ग्लुटेन रोखण्यासाठी असतो. तापीकाठच्या काळ्या जमिनीत रब्बीला पिकणाऱ्या दादरमध्ये ग्लुटेन मुळातच नाही, नागलीत नाही, सातपुड्यातल्या भगरीतही नाही. पावाच्या बाबतीत जे वैगुण्य ठरतं तेच बिस्किटात गुण ठरतं. पीठ कितीही हाताळा, बिस्किट चिवट होणार नाही.

मग भुगा का होतो? याचं उत्तर खानदेशातली भाकरी थापणारी प्रत्येक बाई जाणते. पिठाला विरी कमी असेल तर ती आधणाचं पाणी घालते. ज्वारीचा स्टार्च साधारण ७० अंश सेल्सिअसच्या आसपास पाणी पिऊन फुगतो आणि चिकट होतो. गव्हाचा स्टार्च त्याहून कमी उष्णतेलाच फुगू लागतो. बिस्किटाच्या पिठात पाणी जेमतेम, वर तुपाने कण माखलेले. त्यामुळे ज्वारीचा बराचसा स्टार्च ओव्हनमधून कोरडाच बाहेर येतो आणि कणाला कण धरत नाही. उपाय भाकरीचाच आहे. एकूण पिठातलं दोन चमचे पीठ दोन मोठे चमचे उकळत्या दुधात कालवायचं, त्याची घट्ट पेस्ट होते, ती गार करून बाकीच्या पिठात मिसळायची आणि गोळा अर्धा तास झाकून ठेवायचा. त्या अर्ध्या तासात कोरडे कण ओल शोषतात. कचकच लागते ती जाडसर दळणामुळे. चक्कीवर बारीक दळून वस्त्रगाळ केलं की ती जाते.

आता आचेचा मुद्दा, आणि खरी गोम इथेच आहे. कोणत्याही गरम जागेत ठेवलेल्या पदार्थाभोवती त्याच्याच वाफेचा, त्या मानाने गार हवेचा एक पातळ थर धरून राहतो. साध्या ओव्हनमध्ये तो थर टिकतो आणि उष्णता सावकाश आत जाते. कन्व्हेक्शनचा पंखा हा थर सतत उडवून लावतो. मे महिन्यात नंदुरबारात ४२ अंशांची थांबलेली हवा सहन होते, पण त्याच ४२ अंशांचा वारा सुटला की अंग भाजून निघतं; ओव्हनमध्येही हेच घडतं. आकडा तोच, पण पदार्थाला पोचणारी उष्णता जास्त. म्हणून साध्या ओव्हनसाठी लिहिलेल्या कृतीचं तापमान पंखा चालू असताना १५ ते २० अंशांनी उतरवायचं असतं. त्यात ओट्यावरचा ओव्हन लहान, तापलेली सळई ट्रेपासून वीतभरही लांब नसते, म्हणजे थेट झळही जास्त. पुस्तकात १८० लिहिलं असेल तर इथे १५५ ते १६० पुरे. ज्वारीसाठी मी १५० म्हणेन, कारण आतल्या स्टार्चला वेळ मिळायला हवा आणि वरचा रंग त्याआधी चढता कामा नये. साखर आणि प्रथिनं मिळून जो तांबूस रंग आणि खमंग वास तयार करतात, तो पृष्ठभाग १४० अंशांच्या पुढे गेला की झपाट्याने येतो. पंख्याखाली पृष्ठभाग तिथे लवकर पोचतो, गाभा मागे राहतो. करपलेली कड आणि कच्चं पोट हे याच अंतराचं फळ.

मंद आचेचा हा आग्रह नवा नाही. लाकडाच्या भट्टीत आधी पाव भाजला जातो, आणि भट्टी उतरत आली, विटांत साठलेली ऊब तेवढी उरली, की मग नानकटाई आणि बिस्किटं आत जातात. दिवाळीला घरचं तूप-साखर-पीठ बेकरीत नेऊन नानकटाई भाजून आणण्याची रीत आपल्या गावांनी वर्षानुवर्षं पाळली. सुरत-भुसावळ लोहमार्गाने नवापूर-नंदुरबारशी जोडलेलं सुरत तर नानकटाईसाठीच नावाजलेलं. या सगळ्या बिस्किटांना मिळत आली ती उतरती आच. चढत्या, धगधगत्या भट्टीत ती कुणी घातली नाहीत. ओट्यावरच्या पेटीला उतरती आच जमत नाही, ती सळई चालू-बंद करत एकच आकडा धरून ठेवते. तेव्हा तो आकडा आपणच खाली ठेवायला हवा.

एक अडचण आपल्या भागात विशेष जाणवते, ती विजेच्या दाबाची. सळईची ताकद दाबाच्या वर्गाच्या प्रमाणात बदलते. २३० व्होल्टच्या जागी संध्याकाळी १९० मिळाले, तर १,४०० वॉटचा ओव्हन जेमतेम दोन तृतीयांश ताकदीने चालतो. ओव्हन पुरता तापण्याआधीच ट्रे आत गेला तर तूप आधी वितळतं, स्टार्च धरायच्या आत बिस्किट पसरतं, आणि एकाला एक चिकटून सपाट पापुद्रा हाती येतो. दोष पुन्हा पिठाला दिला जातो. म्हणून दिवा विझला की तापला, यावर विसंबू नये. दहाऐवजी पंधरा मिनिटं द्यावीत, आणि शक्य असेल तर आत ठेवायचा स्वस्त तापमापक घ्यावा. मधेमधे दार उघडून पाहणं टाळावं, लहान पेटीतली गरम हवा एका उघडण्यात निघून जाते. उन्हाळ्यात गोळाच सैल पडतो, तेव्हा वळलेली बिस्किटं ट्रेसकट वीस मिनिटं फ्रिजमध्ये ठेवावीत.

प्रमाण असं : ज्वारीचं पीठ १५० ग्रॅम, बेसन ३०, घट्ट तूप ९०, पिठीसाखर ७५, एक मोठा चमचा दही, पाव चमचा खाण्याचा सोडा, वेलदोडा, चिमूटभर मीठ, आणि वर सांगितलेली दुधाची पेस्ट. बेसनाच्या प्रथिनांनी पकड येते आणि रंगही. दह्याचं आम्ल सोड्याशी मिळून वायू सोडतं. आम्ल अपुरं पडलं तर उरलेल्या सोड्याची साबणासारखी चव जिभेवर राहते, म्हणून सोडा हात सैल सोडून घालू नये. तूप आणि साखर पांढरी, हलकी होईपर्यंत फेसावी, बाकीचं मिसळावं, लिंबाएवढे गोळे बोटभर जाडीला दाबावेत, मध्ये दोन बोटांची जागा सोडावी. १५० अंशांवर १६ ते १८ मिनिटं. बाराव्या मिनिटाच्या सुमारास माथ्यावर बारीक भेगा उमटतात, त्यानंतर तुपाचा वास बदलतो, भाजल्या बेसनाकडे झुकतो. कड किंचित सोनेरी झाली की बाहेर. त्या क्षणी बिस्किट बोटाला मऊच लागतं, आणि इथेच पुष्कळ जण आणखी पाच मिनिटं देऊन ते बिघडवतात. कडकपणा गार होताना येतो, तूप गोठतं आणि साखर धरते तेव्हा. नागली वापरली तर पीठ मुळातच गडद, माथ्याचा रंग काही सांगत नाही. तिथे एक बिस्किट उलटून तळ पाहावा.

यावर घेतले जाणारे आक्षेप खरे आहेत, त्यांना बगल देता येणार नाही. पहिला पोषणाचा. २०२३ हे आंतरराष्ट्रीय भरडधान्य वर्ष म्हणून साजरं झालं, तेव्हापासून भरडधान्याच्या बिस्किटाला औषधाचा मान देण्याची घाई दिसते. वरचं प्रमाण पाहा : पिठाच्या निम्मं तूप आणि चाळीस टक्क्यांच्या वर साखर. हे बिस्किट मैद्याच्या बिस्किटापेक्षा तंतू आणि खनिजं जास्त देईल, पण भाकरीची जागा ते घेऊ शकत नाही. कुपोषणाशी झुंजणाऱ्या जिल्ह्यात तर तसं सुचवणंही गैर. दुसरा आक्षेप असा की गावात बेकरी असताना ही पेटी कशाला? मोठ्या घाण्याला बेकरीच बरी, यात वाद नाही. पण पंचवीस बिस्किटांसाठी कुणी भट्टी लावत नाही, आणि ओव्हनला त्यासाठी फार तर पाऊण युनिट वीज लागते. तिसरा आक्षेप सर्वांत जड आहे. धडगाव-अक्कलकुव्याच्या डोंगरातल्या ज्या पाड्यांवर वीज बेभरवशाची, तिथे या यंत्राचा उपयोग काय? तिथे फारसा नाही. घरगुती इन्व्हर्टरलाही हा भार सहसा पेलत नाही. जाड बुडाच्या पातेल्यात वाळू तापवून, आत तिवई ठेवून बिस्किटं भाजता येतात, फक्त आच खालून जास्त येते, म्हणून ताटली दुहेरी घ्यावी आणि झाकणावर निखारे ठेवावेत. पीठ भिजवण्याची रीत आणि मंद आचेचा नियम तिथेही बदलत नाही.

पावाचं गणित मात्र याच्या उलट आहे. तिथे जाळी लागतेच, आच चढी लागते आणि पंखा सुरुवातीला बंद ठेवावा लागतो. ज्वारीचा पाव का बसतो आणि त्यात किती गहू मिसळला तर तो उभा राहतो, हे पुढच्या आठवड्यात.