कल्पनेतले आजार – भाग ६ : कालदाह

गेल्या भागात रक्तपिपासूंच्या दंतकथा आणि पॉर्फिरिया यांची सांगड कितपत खरी, ते पाहिलं. या आठवड्याचा आजार कुठल्याच वैद्यकीय ग्रंथात सापडणार नाही, कारण तो आपणच रचायचा आहे. नाव ठेवू कालदाह. कालयंत्र बिघडलं, माणूस विस्कटलेल्या काळाच्या झोतात सापडला आणि अंगभर चट्टे उठले. प्रत्येक चट्ट्याचं वय वेगळं. कोपरावर तान्ह्या बाळाची कातडी, खाली मनगटावर नव्वदीच्या सुरकुत्या. केसपेपरवर वय विचारलं तर बिचाऱ्याने कुठल्या चट्ट्याचं सांगावं?

आधी भौतिकशास्त्राला विचारू. आइन्स्टाइनच्या सिद्धांतानुसार जमिनीपासून जितकं उंच जावं, तितका काळ किंचित जलद धावतो. २०१० साली अमेरिकी शास्त्रज्ञांनी दोन अतिअचूक घड्याळं उंचीत अवघा ३३ सेंटिमीटरचा फरक ठेवून चालवली आणि हे मोजून दाखवलं. म्हणजे टाळूची कातडी तळपायाच्या कातडीपेक्षा खरोखरच लवकर म्हातारी होते. पण त्या ३३ सेंटिमीटरपायी ८० वर्षांच्या आयुष्यात पडणारा फरक सेकंदाच्या सुमारे ९० अब्जांश भागाइतका. शिवाय काळ मंदावला की पेशी, त्यातली रसायनं, मज्जातंतू सगळंच एकसाथ मंदावतं, मग त्वचेला कळणार तरी कसं? या वाटेने कालदाह होत नाही.

एकाच चेहऱ्यावर दोन वयं मात्र डॉक्टरांनी पाहिलेली आहेत. २०१२ साली ‘न्यू इंग्लंड जर्नल ऑफ मेडिसिन’मध्ये ६९ वर्षांच्या एका ट्रकचालकाचं छायाचित्र छापून आलं. उजवा गाल वयाला शोभेल असा, आणि डावा जाड, लोंबता, खोल घड्यांचा, जणू त्याच्या वडिलांचा. २८ वर्षं तो माल पोचवण्याचा ट्रक चालवत होता. अमेरिकेत चालक डावीकडे बसतो आणि खिडकीच्या काचेतून येणारे अतिनील ‘ए’ किरण त्याच गालावर पडत राहिले. (आपल्याकडे स्टिअरिंग उजवीकडे. चालक मंडळींनी आरशात उजवा गाल निरखायला हरकत नाही.) पण हा उन्हाचा प्रताप, काळाचा नव्हे.

बिघडलेला काळ त्वचेला बाधू शकतो तो वेगळ्याच दाराने. आपलं मुख्य घड्याळ मेंदूत, सुमारे २०,००० चेतापेशींच्या एका पुंजक्यात असतं. त्वचेच्या पेशींपाशीही स्वतःची घड्याळं असतात. २००५ साली प्रसिद्ध झालेल्या एका प्रयोगात माणसांच्या कातडीचे बारीक तुकडे घेऊन त्यातल्या पेशी काचपात्रात वाढवल्या आणि त्यांत काजव्याच्या प्रकाशाचं जनुक घातलं. मेंदूशी संबंध तुटलेल्या त्या पेशी साधारण २४ तासांच्या लयीत उजळत आणि मंदावत राहिल्या. लयीची लांबीसुद्धा माणसागणिक थोडी वेगळी भरली.

या घड्याळावर बरंच काही अवलंबून असतं. अझीझ सँकार हे मूळचे तुर्कस्तानातले डॉक्टर. डीएनएची दुरुस्ती पेशी कशी करतात, या शोधासाठी त्यांना २०१५ साली रसायनशास्त्राचं नोबेल विभागून मिळालं. त्यांच्या गटाने उंदरांच्या एका टोळीवर पहाटे चार वाजता आणि दुसरीवर दुपारी चार वाजता अतिनील ‘बी’ किरण सोडले. मात्रा तीच. पहाटेच्या टोळीत त्वचेचा कर्करोग सुमारे पाचपट आढळला, कारण दुरुस्ती करणारं एक प्रथिन त्या वेळी सर्वांत कमी असतं. उंदीर निशाचर, तेव्हा माणसात हे गणित उलटं असावं, असा त्यांचा अंदाज आहे.

जखमांचा पुरावा तर थेट माणसांचा. इंग्लंड आणि वेल्समधल्या ११८ भाजलेल्या रुग्णांच्या नोंदी केंब्रिजच्या संशोधकांनी तपासल्या आणि २०१७ मध्ये निष्कर्ष मांडला: दिवसा भाजलेल्यांची जखम सरासरी १७ दिवसांत भरत आली, रात्री भाजलेल्यांना २८ दिवस लागले. जखमेकडे सरकणाऱ्या पेशींचा वेग घड्याळानुसार बदलतो, हे त्यांना काचपात्रातही दिसलं. मला हा निष्कर्ष कुठल्याही विज्ञानकथेहून चक्रावणारा वाटतो.

इसबाच्या रोग्याला हे घड्याळ वेगळं शिकवावं लागत नाही. दिवसभर बरं असतं आणि अंथरुणाला पाठ टेकली की खाज सुटते. रात्री दाह आवरणारं कॉर्टिसॉल खाली गेलेलं असतं, कातडी ऊबदार होते आणि तिच्यातून पाणीही जास्त उडतं.

मग अमेरिकेच्या वेळेवर हिंजवडीत काम करणारी, रात्री दोनला कॅन्टीनमध्ये जेवणारी मुलं? उंदरांना त्यांच्या झोपेच्या वेळीच खाऊ घातलं, तर त्वचेचं घड्याळ सरकतं आणि दिवसाच्या अतिनील किरणांनी होणारं नुकसान वाढतं, असं २०१७ च्याच आणखी एका प्रयोगात दिसलं. त्यावरून ‘रात्रपाळीने कातडी सडते’ अशी बोंब ठोकणं हा शुद्ध आगाऊपणा. उंदरावरून माणसावर एवढी उडी मारता येत नाही. पण इसब किंवा सोरायसिसची तक्रार घेऊन जाणाऱ्याने डॉक्टरांना आपली पाळी कोणती, झोपायची वेळ कोणती आणि खाज कधी वाढते, हे आपणहून सांगावं. बरेचदा ते विचारलं जात नाही.

पुढच्या आठवड्यात : दगड होत जाणारा माणूस. याचा खराखुरा भाऊबंद स्नायूंचं हाड करतो.