गेमचं चित्र स्क्रीनवर बसत नाही? दुकान गाठण्याआधी या पाच गोष्टी तपासा

नाशिक : जुना सीपीयू, नवा मॉनिटर किंवा घरातलाच टीव्ही. निफाड, सिन्नर, चांदवडपासून कळवण-सटाण्यापर्यंत अनेक घरांत कॉम्प्युटरची अशीच जुळणी असते. घेताना कारण असतं पोरांचा अभ्यास, एमएस-सीआयटी, ऑनलाइन फॉर्म. सुट्टी लागली की पोरं त्यावर गेम टाकतात. आणि मग एक दिवस चित्र बिघडतं. कधी चारही बाजू कापलेल्या, कधी दोन्हीकडे काळे पट्टे, कधी माणसं जाडी अन् बुटकी, कधी सगळं पुसट. कधी तर गेम कोपऱ्यात एवढासा दिसतो.

घरात लगेच निकाल लागतो, ‘गेम खेळून कॉम्प्युटरची वाट लावली.’ मग सीपीयू गोणीत घालायचा, एसटीत मांडीवर घ्यायचा आणि तालुका गाठायचा. तिथं कुणी ‘कार्ड गेलंय’ म्हटलं, की खिशाला चाट बसते. खरं तर यातल्या बहुतेक तक्रारींत कुठलाच पार्ट गेलेला नसतो. तीन आकड्यांचा मेळ बसलेला नसतो, एवढंच. तो मेळ घरी बसून, एक रुपयाही न घालवता लावता येतो.

हा मजकूर मोबाइलवर उघडा ठेवा आणि कॉम्प्युटरसमोर बसून एकेक पायरी करत जा. खालची माहिती विंडोज १० आणि विंडोज ११ साठी आहे.

आधी तीन आकडे समजून घ्या

पहिला आकडा स्क्रीनचा. स्क्रीन म्हणजे बारीक ठिपक्यांची बाग. द्राक्षबागेत जेवढी झाडं लावली तेवढीच राहतात, तसे स्क्रीनवरचे ठिपकेही कारखान्यातून ठरूनच येतात. बऱ्याच जुन्या लॅपटॉपवर आडवे १३६६ आणि उभे ७६८ ठिपके असतात. फुल एचडी मॉनिटर किंवा टीव्हीवर १९२० आणि १०८० असतात. यालाच रिझोल्यूशन म्हणतात. १३६६ × ७६८ म्हणजे साधारण साडेदहा लाख ठिपके, तर १९२० × १०८० म्हणजे पावणेएकवीस लाख, जवळपास दुप्पट.

दुसरा आकडा विंडोजचा. अक्षरं बारीक दिसू नयेत म्हणून विंडोज सगळं मोठं करून दाखवतं. लॅपटॉपवर ते बऱ्याचदा १२५ किंवा १५० टक्के असतं. याला स्केल म्हणतात.

तिसरा आकडा गेमचा. गेम कोणत्या रिझोल्यूशनमध्ये चित्र पाठवतो तो.

हे तीन आकडे एकमेकांशी जुळले तर चित्र काठोकाठ बसतं. एकही वेगळा असला तर कुठंतरी कापतं नाही तर ताणतं. कांदा चाळीवर टाकायची ताडपत्री आखूड निघाली तर एक तर कडा उघड्या राहतात, नाही तर ताणून बांधावी लागते. इथंही तोच प्रकार आहे.

१. गेम बंद करून नुसता डेस्कटॉप पाहा

पहिली तपासणी गेमशिवाय करायची. गेम बंद करा आणि खालची पट्टी, स्टार्टचं बटण, कोपऱ्यातलं घड्याळ पूर्ण दिसतं का ते पाहा. तेही कापलेलं असेल तर गेमचा दोष नाही, पोराचाही नाही.

टीव्हीला एचडीएमआय केबलनं कॉम्प्युटर जोडला की हा प्रकार हमखास होतो. जुन्या पेटीच्या टीव्हीत चित्राच्या कडा नीट दिसत नसत. म्हणून चित्र थोडं मोठं करून कडा फ्रेमआड लपवायची पद्धत होती. ती नव्या टीव्हीतही राहिली आहे. टीव्हीच्या रिमोटवरून चित्राच्या सेटिंगमध्ये जा आणि चित्राचा आकार बदला. कंपनीप्रमाणे नाव वेगळं असतं. ‘जस्ट स्कॅन’, ‘स्क्रीन फिट’, ‘फुल पिक्सेल’ किंवा ‘१:१’ यांपैकी जे असेल ते निवडा. कडा लगेच आत येतात.

मॉनिटर असेल आणि निळ्या टोकाची जुनी व्हीजीए केबल असेल, तर चित्र एका बाजूला सरकतं. मॉनिटरवरच ‘ऑटो’ नावाचं बटण असतं किंवा त्याच्या मेनूत ‘ऑटो ॲडजस्ट’ असतं. ते एकदा दाबा.

२. विंडोजचं रिझोल्यूशन बरोबर आहे का?

डेस्कटॉपवर रिकाम्या जागी माऊसचं उजवं बटण दाबा आणि ‘डिस्प्ले सेटिंग्ज’ उघडा. खाली ‘डिस्प्ले रिझोल्यूशन’ दिसेल. यादीत ज्या आकड्यापुढं ‘रेकमेंडेड’ लिहिलंय तोच निवडा. तोच सहसा तुमच्या स्क्रीनच्या ठिपक्यांचा खरा आकडा असतो. बदल केल्यावर ‘कीप चेंजेस’ असं विचारतं. काही गडबड वाटली तर काहीच दाबू नका, १५ सेकंदांत विंडोज आपोआप पहिल्या जागी येतं.

यादीत फक्त ८०० × ६०० किंवा १०२४ × ७६८ असेच आकडे दिसत असतील आणि मोठा आकडा नसेलच, तर खरी मेख सापडली समजा. स्टार्टच्या बटणावर उजवं क्लिक करा, ‘डिव्हाइस मॅनेजर’ उघडा आणि ‘डिस्प्ले ॲडॅप्टर्स’ समोर काय लिहिलंय ते वाचा. तिथं ‘मायक्रोसॉफ्ट बेसिक डिस्प्ले ॲडॅप्टर’ असेल, तर ग्राफिक्सचा ड्रायव्हर टाकलेलाच नाही. ड्रायव्हर म्हणजे विंडोज आणि ग्राफिक्सचा भाग यांच्यातला दुभाषी. कॉम्प्युटर फॉरमॅट केल्यावर तो टाकायचा राहून जातो. जुना कॉम्प्युटर विकत घेताना तर हे नक्की तपासावं.

उपाय असा : इंटरनेट जोडून ‘विंडोज अपडेट’ चालवा, बऱ्याचदा तिथूनच ड्रायव्हर येतो. नाही आला तर इंटेल, एएमडी किंवा एनव्हिडिया, ज्या कंपनीचं ग्राफिक्स असेल तिच्याच वेबसाइटवरून घ्या. ‘फ्री ड्रायव्हर’ म्हणून दिसणाऱ्या भलत्याच साइटवरून काही उतरवू नका. फाइल काहीशे एमबीची असू शकते, त्यामुळं मोबाइलच्या हॉटस्पॉटवर असाल तर दिवसाचा डेटा बघूनच सुरू करा.

३. स्केलचा घोळ

डेस्कटॉप ठीक आहे, पण गेम उघडल्यावर उजवी बाजू आणि खालचा भाग स्क्रीनबाहेर जातो? किंवा बटणावर क्लिक केलं तर भलतीकडंच लागतं? मग पहिला संशय स्केलवर घ्या.

समजा स्क्रीन १९२० × १०८० आहे आणि स्केल १२५ टक्के. स्केल न कळणाऱ्या जुन्या गेमला विंडोज सांगतं, की स्क्रीन १५३६ × ८६४ आहे. १५० टक्के असेल तर सांगतं १२८० × ७२०. गेमनं तरीही १९२० × १०८० ची खिडकी उघडली, की विंडोज ती सव्वापट करतं आणि ती २४०० × १३५० होते. ती स्क्रीनवर मावणार कशी? उरलेला भाग बाहेर जातो.

खात्री करायला ‘डिस्प्ले सेटिंग्ज’मध्ये जाऊन स्केल तेवढ्यापुरतं १०० टक्के करा आणि गेम चालवून पाहा. चित्र बसलं तर दुखणं हेच. मग स्केल पुन्हा पहिल्यासारखं करा, नाही तर घरातल्या मोठ्यांना अक्षरं वाचता येणार नाहीत. फक्त त्या गेमपुरता कायमचा बंदोबस्त असा करा :

- गेमच्या आयकॉनवर उजवं क्लिक करून ‘प्रॉपर्टीज’ उघडा.
- ‘कम्पॅटिबिलिटी’ या भागात जा.
- ‘चेंज हाय डीपीआय सेटिंग्ज’ दाबा.
- खाली ‘ओव्हरराइड हाय डीपीआय स्केलिंग बिहेवियर’ समोर टिक करा.
- त्याखालच्या यादीत ‘ॲप्लिकेशन’ निवडा.
- दोन्ही खिडक्यांत ‘ओके’ दाबून गेम बंद करा आणि पुन्हा उघडा.

आता विंडोज त्या गेमच्या चित्राला हात लावत नाही. बाकी कामाची अक्षरं मोठीच राहतात.

४. गेमच्या आतलं सेटिंग

गेमच्या ‘ऑप्शन्स’ किंवा ‘सेटिंग्ज’मध्ये ‘व्हिडिओ’, ‘डिस्प्ले’ किंवा ‘ग्राफिक्स’ असा भाग असतो. तिथलं रिझोल्यूशन स्क्रीनच्या आकड्याइतकं ठेवा. गेम छोट्या खिडकीत उघडत असेल तर ‘फुलस्क्रीन’ निवडा. अनेक गेम आल्ट आणि एंटर ही बटणं एकत्र दाबल्यावरही पूर्ण स्क्रीनवर येतात.

जुन्या गेमचा विषय थोडा वेगळा आहे. १९९९ साली आलेल्या ‘एज ऑफ एम्पायर्स २’ मध्ये ८०० × ६००, १०२४ × ७६८ आणि १२८० × १०२४ असे तीनच पर्याय होते. तेव्हाचे मॉनिटर चौकोनी, म्हणजे रुंदी ४ तर उंची ३ अशा मापाचे असत. आताचे स्क्रीन रुंदी १६ तर उंची ९ असे लांबट आहेत. चौकोनी चित्र लांबट स्क्रीनवर ओढून बसवलं की घोडे, माणसं, गाड्या सगळं रुंद दिसणारच.

१३६६ × ७६८ च्या लॅपटॉपवर हा गेम खेळायचा तर १०२४ × ७६८ निवडा. उंची तंतोतंत जुळते आणि दोन्ही बाजूंना १७१ ठिपक्यांचे काळे पट्टे राहतात. हे पट्टे म्हणजे बिघाड नाही, उलट चित्र खऱ्या मापात असल्याची ती खूण आहे. १२८० × १०२४ मात्र या स्क्रीनवर मावत नाही, कारण उभे ठिपकेच ७६८ आहेत. याच गेमची २०१९ साली आलेली नवी आवृत्ती लांबट स्क्रीन धरूनच बनवलेली आहे. पुण्याच्या नॉडिंग हेड्स गेम्सचा २०२० सालचा ‘राजी’ हा गेमही याच नव्या काळातला.

कॉम्प्युटर जुना असेल आणि गेम अडखळत चालत असेल तर रिझोल्यूशन कमी करायला हरकत नाही. ठिपके कमी झाले की ग्राफिक्सवरचा भार कमी होतो. फक्त स्क्रीनच्या मापातला आकडा घ्या, जसं १२८० × ७२० किंवा १६०० × ९००. मग चित्र थोडं पुसट होईल, पण वेडंवाकडं होणार नाही. नव्या गेममध्ये ‘रिझोल्यूशन स्केल’ किंवा ‘रेंडर स्केल’ असेल तर तेच कमी करा. बऱ्याच गेममध्ये यामुळं मागचं दृश्य हलकं होतं आणि अक्षरं ठसठशीत राहतात.

५. चित्र ताणायचं की मापात ठेवायचं?

गेमचं चित्र स्क्रीनपेक्षा लहान असेल तर त्याचं काय करायचं, हे ग्राफिक्सचा ड्रायव्हर ठरवतो. त्याला तीन वाटा असतात. चित्र ताणून पूर्ण स्क्रीन भरायची, माप राखून जेवढं होईल तेवढं मोठं करायचं, किंवा आहे तेवढंच मधोमध ठेवायचं. माणसं जाडी दिसत असतील तर पहिली वाट लागलेली आहे. कोपऱ्यात किंवा मधोमध एवढंसं चित्र दिसत असेल तर तिसरी.

दुसरी वाट निवडायची. इंटेल असेल तर ‘ग्राफिक्स कमांड सेंटर’मध्ये डिस्प्लेच्या भागात ‘स्केल’ समोर ‘मेंटेन आस्पेक्ट रेशो’ निवडा. एनव्हिडियाच्या कंट्रोल पॅनेलमध्ये ‘ॲडजस्ट डेस्कटॉप साइज अँड पोझिशन’ उघडून ‘आस्पेक्ट रेशो’ निवडा. एएमडीत ‘जीपीयू स्केलिंग’ चालू करून ‘प्रिझर्व्ह आस्पेक्ट रेशो’ घ्या.

स्क्रीन काळी पडली तर?

सेटिंग बदलताना ‘आऊट ऑफ रेंज’ किंवा ‘इनपुट नॉट सपोर्टेड’ अशी पाटी येऊन स्क्रीन काळी पडते. मॉनिटर जळाला असं वाटून घाम फुटतो. पण गेमनं मॉनिटरला न झेपणारा आकडा पाठवला, एवढाच त्याचा अर्थ. आल्ट आणि एफ ४ दाबून गेम बंद करा. डेस्कटॉप परत येतो. गेम पुन्हा उघडल्यावर तेच होत असेल, तर सीपीयू थोडा वेळ फुल एचडी टीव्हीला जोडा आणि गेममधला आकडा कमी करा.

खरा बिघाड कसा ओळखायचा?

कॉम्प्युटर चालू करताच कंपनीचं नाव येतं. विंडोज सुरू होण्याआधीच्या त्या क्षणाला स्क्रीनवर रेघा, रंगीत ठिपके किंवा थरथर दिसली, तर हा सेटिंगचा विषय नाही. केबल काढून घट्ट बसवा, दुसरी केबल आणि दुसरी स्क्रीन लावून पाहा. दुसऱ्या स्क्रीनवरही रेघा आल्या तर सीपीयूत दोष आहे. नाही आल्या तर पहिल्या स्क्रीनमध्ये किंवा केबलमध्ये आहे. तेव्हा मात्र दुरुस्तीला न्यावंच लागेल. जाताना बिघडलेल्या चित्राचा मोबाइलवर फोटो काढून न्या आणि पार्ट बदलायची भाषा निघाली तर दोन प्रश्न आधी विचारा : ड्रायव्हर टाकून पाहिला का? दुसऱ्या मॉनिटरवर लावून पाहिलं का?

हीच माहिती गेमपलीकडंही उपयोगी पडते. ऑनलाइन फॉर्म भरताना ‘सबमिट’चं बटण स्क्रीनबाहेर गेलं, तर तिथंही बहुतेक वेळा रिझोल्यूशन किंवा स्केलच बदललेलं असतं. घाई असेल तर कंट्रोल आणि वजाचं चिन्ह दाबा, पान लहान होतं. कंट्रोल आणि शून्य दाबलं की पूर्ववत होतं.

तेव्हा पोराच्या नावानं शंख करण्याआधी त्यालाच शेजारी बसवा आणि या पाच गोष्टी त्याच्याकडूनच करून घ्या. बदल करण्याआधीच्या प्रत्येक सेटिंगचा मोबाइलवर फोटो काढून ठेवा, म्हणजे चुकलं तरी मागं येता येईल.