तोरु ताकेमित्सू यांचे चित्रपटसंगीत : एक मागोवा

तोरु ताकेमित्सू (1930–1996) यांचा विचार बहुधा मैफलीसाठी लिहिणारे आधुनिक जपानी रचनाकार म्हणून केला जातो आणि सुमारे शंभर चित्रपटांना त्यांनी दिलेले संगीत पोटापाण्याचे जोडकाम समजले जाते. वस्तुतः हे काम वगळल्यास त्यांच्या एकूण वाटचालीचा उलगडा होत नाही. युद्धकाळाच्या कटू आठवणी चिकटलेल्या असल्यामुळे तरुणपणी त्यांनी पारंपरिक जपानी संगीताकडे पाठ फिरवली होती आणि पाश्चात्त्य, विशेषतः फ्रेंच, संगीताच्या आधारे ते बव्हंशी स्वतःच घडले. टाकलेली वाद्ये त्यांच्याकडे परतली ती मुख्यत्वे पडद्याच्या वाटेने. मासाकी कोबायाशी यांच्या ‘सेप्पुकु’मध्ये (1962) त्यांनी बिवा हे रुंद नखीने छेडायचे तंतुवाद्य वापरले, ज्याच्या तारेतला मुद्दाम राखलेला झणत्कार तंबोऱ्याच्या जवारीशी नाते सांगतो. पुढे 1967 मध्ये न्यूयॉर्क फिलहार्मॉनिकसाठी लिहिलेल्या ‘नोव्हेंबर स्टेप्स’मध्ये बिवा आणि शाकुहाची, म्हणजे उभी धरून वाजवायची बांबूची बासरी, पाश्चात्त्य वाद्यवृंदासमोर उभी राहिली, त्यामागे या कामाची पूर्वतयारी होती.

त्यांची खरी करामत मात्र ‘क्वाइदान’ (1964) या चित्रपटात दिसते. त्यातील टाकून दिलेल्या पत्नीकडे परतलेल्या सामुराईच्या कथेत पावलांचे आणि पडझडीचे स्वाभाविक आवाज काढून टाकून तेथे लाकूड फुटण्या-चिरफाळण्याचे ध्वनिमुद्रित आवाज येतात, तेही दृश्याशी तंतोतंत न जुळता. संगीत कोठे संपते आणि ध्वनी कोठे सुरू होतो, हा भेदच त्यामुळे निरर्थक ठरतो. चित्रपटांखेरीज एनएचके या सार्वजनिक प्रसारणसंस्थेची ‘मिनामोतो नो योशित्सुने’ (1966) ही वर्षभराची ऐतिहासिक मालिका आणि ‘नामि नो बोन’ (1983) हे दूरचित्रवाणी-नाट्यही त्यांच्या खाती आहे. या नाट्याचे संगीत पुढे वाद्यवृंदाच्या मैफलीत रुजले.

अकिरा कुरोसावा यांच्या ‘रान’मध्ये (1985) किल्ल्यावरील हल्ल्याच्या प्रसंगी तलवारी, घोडे, किंकाळ्या यांचा आवाज पूर्णपणे बंद होऊन केवळ वाद्यवृंदाचा संथ विलाप ऐकू येतो आणि बंदुकीच्या एका बारासरशी तो तुटून रणांगण पुन्हा कानांवर आदळते. कुरोसावांना मालेर या पाश्चात्त्य रचनाकाराच्या धाटणीचे संगीत हवे होते, ताकेमित्सूंना त्या छायेत राहणे मंजूर नव्हते. या ओढाताणीतून प्रसंग अजोड उतरला खरा, पण दोघांचे बिनसले आणि कुरोसावांच्या त्यानंतरच्या तिन्ही चित्रपटांचे संगीत शिनइचिरो इकेबे यांनी केले.