ऐकू येतात, पण दिसत नाहीत!

मैत्रिणींनो, एक गंमत करून पाहा. आज संध्याकाळी मालिका सुरू झाली, की दोन मिनिटं टीव्हीचा आवाज अगदी बंद करा. सून रडताना दिसेल, पण आपल्या डोळ्यांत काही पाणी यायचं नाही. मग आवाज सुरू करून टीव्हीकडे पाठ करा आणि खुशाल भाजी निवडत बसा. गोष्ट बरोबर कळते! म्हणजे मालिका आपण पाहतो कमी नि ऐकतो जास्त.

हा आवाज सांभाळणारा एक मुलगा मला दिवाळीच्या सुट्टीत आरे कॉलनीत भेटला. भाचीला घेऊन 'छोटा काश्मीर' बागेकडे निघाले होते. वाटेत चित्रीकरण चाललेलं. नटमंडळी चहाला गेलेली, पण हा मात्र लांब दांडीला लावलेला माइक धरून तसाच उभा! वारा लागू नये म्हणून माइकला केसाळ टोपडं. मी काही विचारणार, तोच हळूच म्हणाला, "ताई, एक मिनिट बोलू नका हं." नंतर कळलं, तो तिथली शांतता रेकॉर्ड करत होता! प्रत्येक जागेची शांतता निराळी. संवाद जोडताना मधल्या फटी तिनंच भरायच्या, नाहीतर कानाला ठेच लागते. पावलांचे, बांगड्यांचे आवाज पुष्कळदा मागाहून स्टुडिओत भरतात. घोड्याच्या टापांसाठी तर नारळाच्या करवंट्यासुद्धा चालतात!

आरेला लागूनच १९७७ सालची चित्रनगरी आहे. 'महाभारत' (१९८८-९०) मालिकेचं चित्रीकरण तिथलंच. त्यातला 'समय' आठवतो ना? तो आवाज हरीश भिमाणींचा आणि संगीत राजकमल यांचं. चेहरे मात्र किती जणींना ठाऊक आहेत? परळच्या राजकमल कलामंदिरातले मंगेश देसाई हे तर ध्वनिमिश्रणातलं केवढं मोठं नाव! 'शोले'च्या (१९७५) नामावलीत ते आहे, वाचलं कुणी?

हे सगळं सांगण्याचं कारण माझी भाचीच. बी.एस्सी. झाली, की तिला पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमध्ये ध्वनीचं शिक्षण घ्यायचं आहे. पदवी हवी, प्रवेशपरीक्षा द्यावी लागते. पुढे बारा-बारा तासांची शिफ्ट. वहिनी म्हणतात, "पडद्यावर दिसायचं नाही, नाव कुणी वाचायचं नाही, मग एवढी मरमर कशासाठी?"

मी म्हटलं, "वहिनी, आमटीत मीठ बेताचं पडलं, तर कुणी बोलतं का? विसरलं, की मात्र सगळं घर बोलतं. तुम्ही म्हणून मीठ घालायचं सोडलंत का?"

वहिनी काही बोलल्या नाहीत. प्रवेशाचा अर्ज अजून भरलेला नाही. पण परवा मालिका संपली, नावं सरकू लागली, तेव्हा त्यांनी मुकाट्यानं चष्मा लावला.

तुम्हीही एकदा ती नावं वाचा. त्यांत कुणाची तरी लेक असेल.