राजीनाम्यानंतरचे सात दिवस

ग्रामपंचायतीचे पॅनेल बांधताना गावोगाव एक बोली होते. उपसरपंचपद चौघांनी वर्ष-वर्ष वाटून घ्यायचे, पहिल्याने मुदत भरली की बाजूला व्हायचे. बोलीवर भागत नाही म्हणून पद देतानाच तारीख न घातलेल्या राजीनाम्यावर सही घेतली जाते आणि तो कागद एखाद्या पुढाऱ्याच्या कपाटात राहतो. लोकांनी दिलेले पद असे दुसऱ्याच्या ताब्यात जावे, हे मला लोकशाहीचे मोठे दुखणे वाटते. कायदेमंडळालाही त्याची जाणीव असावी, कारण महाराष्ट्र ग्रामपंचायत अधिनियम, १९५८ मध्ये राजीनाम्याची वाट मुद्दाम लांबची ठेवलेली आहे.

कलम २९ नुसार सदस्य आपला राजीनामा स्वतःच्या सहीने सरपंचाला लिहून देतो आणि सरपंच पंचायत समितीच्या सभापतींना. उपसरपंचाला पद सोडायचे असेल तर कलम ३४ प्रमाणे तो सरपंचाकडे अर्ज करतो. इंग्लंडमध्ये १९७२ च्या स्थानिक शासन कायद्याने हा विषय एका पायरीत संपवला आहे. योग्य व्यक्तीच्या हाती लेखी सूचना पोचली की राजीनामा लागू. आपल्याकडे मात्र कागद पोचला की खरे काम सुरू होते.

सरपंच किंवा सभापती तो कागद पंचायतीच्या सचिवाकडे, म्हणजे आपल्या ग्रामसेवकाकडे पाठवतात (२०२४ पासून या पदाला ग्रामपंचायत अधिकारी म्हणतात). सचिवाने तो लगेच पुढच्या सभेसमोर ठेवायचा. सभेने मंजूर करण्याचा प्रश्न येत नाही, कागद फक्त सर्वांसमोर मांडला जातो. त्या दिवसापासून सात दिवस मोजायचे. या सात दिवसांत ज्याच्या नावाचा राजीनामा आहे तो जिल्हाधिकाऱ्यांकडे जाऊन सांगू शकतो, की हा राजीनामा खरा नाही. जिल्हाधिकाऱ्यांनी शक्यतो पंधरा दिवसांत निर्णय द्यायचा. तो मान्य नसेल तर आणखी सात दिवसांत विभागीय आयुक्तांकडे अपील करता येते, आणि तिथेही निकालाची अपेक्षा पंधरा दिवसांचीच. कोणी वाद नेलाच नाही, तर सभेनंतरचे सात दिवस उलटल्यावर राजीनामा अमलात येतो आणि जागा रिकामी होते.

म्हणजे कागदावर कोणती तारीख आहे, तो केव्हा दिला, याला दुय्यम महत्त्व. घड्याळ सुरू होते ते सभेपासून. म्हणून ज्या सदस्याला आपल्या नावाचा कागद फिरतोय अशी कुणकुण लागेल, त्याने आधी विषयपत्रिका पाहावी, सभेला जावे आणि इतिवृत्तात काय लिहिले गेले ते वाचावे. सभा चुकली आणि आठवडा गेला, की हा दरवाजा बंद होतो.

सर्वांत जास्त गरज या सात दिवसांची स्त्री सरपंचांना आहे. राज्यात २०११ पासून स्थानिक स्वराज्य संस्थांत निम्म्या जागा स्त्रियांसाठी राखीव आहेत. स्त्रियांसाठी राखीव पदावरच्या सरपंच बाईंना अविश्वास ठरावाने काढायचे तर तीन चतुर्थांश बहुमत लागते. २०१७ मध्ये थेट जनतेतून सरपंच निवडण्याची पद्धत आली, २०२० मध्ये ती रद्द झाली आणि २०२२ मध्ये परत आली. अशा थेट निवडलेल्या सरपंचावर पहिली दोन वर्षे अविश्वास आणताच येत नाही. पुढेही सदस्यांनी मंजूर केलेल्या ठरावावर ग्रामसभेत गुप्त मतदान व्हावे लागते. अविश्वासाची वाट इतकी अवघड झाल्यावर, ज्यांना त्या खुर्चीवर दुसरे कोणी हवे असते त्यांना सहीचा कागद सोपा वाटू लागतो. मग घरच्यांकरवी, भावकीकरवी दबाव येतो. थेट निवडून आलेल्या सरपंचाचे सदस्यत्व त्या पदाबरोबरच येते, त्यामुळे सरपंचपद गेले की पंचायतीतले स्थानही जाते. कायद्याने दिलेली ही सात दिवसांची मुदत प्रत्येक बाईला शपथ घेतल्याच्या दिवशीच कोणीतरी समजावून सांगायला हवी.

बळजबरीच्या राजीनाम्यांची काळजी देशाच्या घटनेनेही घेतली आहे. १९७४ मध्ये गुजरातेतल्या नवनिर्माण आंदोलनात आमदारांवर राजीनाम्यासाठी मोठा दबाव आला. त्याच वर्षी तेहतिसावी घटनादुरुस्ती झाली आणि राजीनामा स्वेच्छेचा व खरा आहे याची खात्री करूनच तो स्वीकारण्याची जबाबदारी सभागृहाच्या सभापती-अध्यक्षांवर आली.

आंदोलनांत दिल्या जाणाऱ्या सामूहिक राजीनाम्यांचे काय? २०२३ च्या मराठा आरक्षण आंदोलनात अनेक गावांतल्या पदाधिकाऱ्यांनी राजीनामे दिले. असे कागद बहुधा मोर्चाने जाऊन तहसीलदारांच्या हाती ठेवले जातात. निषेध म्हणून त्याला वजन आहे, आणि तो करणाऱ्यांच्या भावना खऱ्या असतात. पण ग्रामपंचायतीच्या राजीनाम्यासाठी कायद्याने तहसीलदारांचे नाव घेतलेले नाही. कागद सरपंच किंवा सभापतींना लिहिलेला नसेल आणि सभेपुढे गेला नसेल, तर पद कायम राहते, त्याच्यासोबतची जबाबदारीही. २०२२ मध्ये मुदत संपल्यावर कित्येक पंचायत समित्यांवर प्रशासक बसले. अशा काळात सभापतींकडे द्यायचा कागद त्यांच्या जागी काम पाहणाऱ्या प्रशासकाकडे द्यावा लागतो, आणि त्याची पोच घेऊन ठेवणे शहाणपणाचे.

आणि खरोखरच निम्म्याहून अधिक जागा रिकाम्या झाल्या तर? मग पंचायत विसर्जित करण्याचा अधिकार राज्य सरकारला आहे. घटनेच्या अनुच्छेद २४३-ङ प्रमाणे विसर्जनानंतर सहा महिन्यांच्या आत निवडणूक घ्यावी लागते. मूळ मुदतच सहा महिन्यांहून कमी उरली असेल, तर त्या उरलेल्या काळासाठी निवडणूक घ्यावीच लागत नाही. नव्याने आलेल्या पंचायतीलाही पूर्ण पाच वर्षे मिळत नाहीत, आधीच्या पंचायतीची उरलेली मुदत संपली की तिचीही संपते.